घरी संगणक उपलब्ध

खोक्यावर 'संगणक' हा शब्द कुठेही छापलेला नव्हता. इंग्रजीतही नाही. हे मी पाच महिन्यांनी पाहिले. तोपर्यंत आमच्या घरी संगणक आहे ही गोष्ट सगळ्या गावाला माहीत झाली होती आणि एका सरकारी अर्जात माझ्याच हस्ताक्षरात लिहिली गेली होती.

मी आता वर्तमानपत्रात काम करतो. मध्यंतरी जुन्या व्हिडिओ गेमच्या कॅसेटी जमवणाऱ्या लोकांवरचा एक लेख माझ्याकडे संपादनासाठी आला. सोबतच्या छायाचित्रात एक पिवळी कॅसेट होती. तिच्या लेबलावर चार रंगांची खिडकी होती, पण रंगांच्या जागा बदललेल्या. लेखात म्हटले होते की, संगणकाच्या पडद्याची नक्कल करणाऱ्या अशा बनावट कॅसेटी एके काळी बाजारात खूप चालत. त्यांत संगणक नसे, संगणकाचे चित्र असे. आता हौशी लोक गंमत म्हणून त्या शोधतात. 'गंमत म्हणून' हे शब्द मी तसेच राहू दिले. लेखात चूक नव्हती.

आमची कॅसेट सानगडीच्या मंडईतली. दिवाळी आटोपली की आमच्याकडे गावोगाव मंडई भरते. दिवसा दुकाने आणि पाळणे, संध्याकाळी दंडारीचे लोकनाट्य किंवा नाटक, आणि घरोघरी पाहुणे. वहिनीचे माहेर सानगडीचे. लग्नानंतरची पहिली मंडई म्हणून भावाला बोलावणे होते. मी सोबत गेलो. तेव्हा मी पवनीच्या कॉलेजात बी. ए.च्या दुसऱ्या वर्षाला होतो. संगणक मी बँकेत, एसटीच्या आरक्षण खिडकीवर आणि कॉलेजच्या कार्यालयात पाहिला होता, पण नेहमी पाठीमागून. त्याला हात लावलेला नव्हता.

खेळण्यांच्या दुकानात तो कीबोर्ड उभा करून ठेवला होता.

"कॉम्प्युटर है क्या?" मी विचारले.

"कीबोर्ड दिखता नहीं क्या, भाऊ?" दुकानदार म्हणाला. "टीव्ही को लगाओ, कॅसेट डालो, चालू."

"पूरा कॉम्प्युटर?"

"आधा कोई बेचता है क्या?"

भाऊ हसला. वहिनी हसली नाही. तिने कीबोर्ड हातात घेतला, दुकानाच्या फळीवर आडवा ठेवला आणि दोन्ही हातांची बोटे त्यावर टेकवून पाहिली. ती बारावी झालेली होती. पुढे शिकायचे राहून गेले होते. भावाने माझ्याकडे पाहिले. मी म्हणालो, घेऊन टाक, कॉम्प्युटरच आहे.

घरी आणून टीव्हीला लावला. कीबोर्डच्या वरच्या बाजूला खाच होती, तिच्यात कॅसेट बसायची. पडदा निळा झाला. डाव्या बाजूला छोटी चित्रे आली: कागद, गणकयंत्र, घड्याळ, कचऱ्याचा डबा. खालच्या कोपऱ्यात सुरुवातीचे बटण. बाणांच्या कळा दाबल्या की पांढरा बाण पडद्यावर सरकायचा. कागदाच्या चित्रावर नेऊन बटण दाबले की कोरे पान उघडायचे आणि त्यावर लिहिता यायचे. एक टायपिंगचा सराव होता. वरून इंग्रजी अक्षरे पडत यायची आणि ती खाली पोचण्याच्या आत ती कळ दाबायची. वहिनी हाच सराव सर्वांत जास्त करायची.

काही गोष्टी जुळत नव्हत्या. घड्याळ रोज बारा वाजल्यापासून सुरू व्हायचे. लिहिलेले पान ठेवायला सांगितले की एक पट्टी भरत जायची आणि काम झाल्याचा संदेश यायचा, पण पुन्हा उघडले की पान कोरे. वहिनीने मला विचारले तेव्हा मी सांगितले की, ठेवलेले असेल, उघडायची पद्धत वेगळी असेल. घड्याळात सेल नसेल, असेही मीच सांगितले. मला शंका होती. ती मी कुठे विचारून पाहिली नाही. घरात कॉलेजात जाणारा मी एकटाच होतो आणि माझ्या शब्दावर सगळे थांबत.

कळा खऱ्या होत्या, एवढे मात्र सांगितले पाहिजे. अक्षरांची जागा खऱ्या कीबोर्डप्रमाणेच होती. तीन महिन्यांत वहिनी न पाहता टाइप करू लागली.

काम झाले की भिंतीवरच्या बोर्डावरून बटण बंद करायचे, हा बाबांचा नियम होता. लोडशेडिंगचे दिवस होते. गेलेली लाइट परत येताना झटका बसतो, आमचा आधीचा टीव्ही त्यातच जळाला होता. म्हणून पान लिहून झाले की वहिनी उठायची आणि बोर्डावरचे बटण खाली करायची. पान जायचे. ते तसेही जाणारच होते.

गावातले लोक पाहायला यायचे. शेजारच्या एका म्हाताऱ्याने बराच वेळ पडद्याकडे पाहून बाबांना विचारले, "हे पिच्चर दाखवते का?"

"पिच्चरसाठी टीव्ही हाये," बाबा म्हणाले. "हा कामाचा हाये."

"पन हा टीव्हीच तं हाये."

"आता नाई हाये," बाबा म्हणाले.

मार्चमध्ये ग्रामपंचायतीची जाहिरात निघाली. गावासाठी एक संगणक चालक. बारावी उत्तीर्ण, स्थानिक रहिवासी, पवनीला प्रात्यक्षिक परीक्षा. टायपिंग इंग्रजीत घेणार होते. मराठी नंतर शिकवू, असे म्हटले होते. वहिनीने भावाला सांगितले, भावाने बाबांना. बाबा एखादी गोष्ट एकदाच सांगणारे. त्यांनी जेवताना ताटावरून मान वर केली.

"एक डाव बसू दे परीक्षेले," ते म्हणाले. "लागली तं ठीक. नाई लागली तं मंग हा विषय घरात काढाचा नाई."

वहिनीने आतूनच "हो मामाजी" म्हटले.

अर्ज मी भरला. 'संगणकाचे ज्ञान' असा एक रकाना होता. मी 'होय' लिहिले. बाबा शेजारी बसले होते. "लिव," ते म्हणाले, "घरी संगणक उपलब्ध." मी लिहिले. त्यांनी कागद हातात घेतला, ते तीन शब्द वाचले आणि अर्ज ग्रामसेवकाकडे स्वतः नेऊन दिला.

परीक्षेला तीन आठवडे उरले असताना विद्यापीठाचा फॉर्म भरायला मी भंडाऱ्याला गेलो. नेट कॅफेत मला एका संगणकासमोर बसवले. मी सराईतासारखा बसलो आणि बाणाची कळ दाबली. पडद्यावरचा बाण हलला नाही. पुन्हा दाबली.

"माउस पकडा ना," कॅफेवाला म्हणाला.

मी माउस धरला. तो हवेत उचलला. कॅफेवाल्याने माझा हात धरून खाली टेकवला.

"पहिल्यांदाच बसलात काय?"

"नाही. आमच्या घरी आहे."

"कोणता?"

मी सांगितले. टीव्हीला लागतो, वरून कॅसेट बसते. तो आधी समजला नाही. मग समजला आणि शेजारच्या टेबलावरच्या माणसाला म्हणाला, "ऐक बे, यांच्या घरी कॅसेटवाला कॉम्प्युटर हाये." मग मला म्हणाला, "भाऊ, तो गेम आहे. लहान पोरांचा. आमच्या भाच्याकडे पण आहे."

"त्यात कागद आहे. गणकयंत्र आहे."

"चित्र आहे त्याचं."

एसटीत मी खिडकीजवळ बसलो होतो. घरी पोचून सांगायचे, असे मी ठरवले. घरी पोचलो तेव्हा बाबा ओसरीत कोणाला तरी सांगत होते की, सूनबाई आता न पाहता टाइप करते, ग्रामसेवकही म्हणाला की घरीच संगणक असल्यावर काय प्रश्न आहे. मी आत जाऊन पाणी प्यालो. त्या दिवशी सांगितले नाही.

दुसऱ्या दिवशी मी खोके शोधून काढले आणि त्याच्या सहाही बाजू वाचल्या. 'शिका', 'खेळा', 'कुटुंबासाठी' अशा अर्थाचे इंग्रजी शब्द होते. संगणक नव्हता.

मी बारा दिवस गप्प राहिलो. कारण सांगता येईल, पण ते पुरेसे नाही. अर्ज गेलेला होता. तो परत घेतला तर बाबांना कारण द्यावे लागले असते. न घेतला तर परीक्षेत कळलेच असते. मी दोन्ही बाजूंनी विचार करायचो आणि प्रत्येक वेळी एक दिवस कमी झालेला असायचा. वहिनी घड्याळ लावून शब्द मोजत होती. "आज पस्तीस आले, भाऊजी," ती सांगायची. मी "छान" म्हणायचो. अक्षरे पडण्याचा तो टिकटिक आवाज मला दुसऱ्या खोलीत ऐकू यायचा. आवाज थांबला की मला बरे वाटायचे आणि लगेच वाटायचे की, तिच्या सरावाचा आणखी एक दिवस फुकट गेला.

तेराव्या दिवशी दुपारी बाबा आणि भाऊ शेतावर होते. आई शेजारी गेली होती. वहिनी टायपिंग करत होती. मी म्हणालो, "वहिनी, हा कॉम्प्युटर नाही."

तिने मागे न पाहता विचारले, "बिघडला का?"

"नाही. आधीपासूनच नाही. हा गेम आहे."

अक्षरे पडत राहिली. ती दाबत नव्हती. पडदा खालपर्यंत भरला आणि खेळ संपल्याची धून वाजली. मी नेट कॅफेतले सगळे सांगितले. शेवटी तिने एकच विचारले.

"तुमाले कवा समजलं?"

"बारा दिवस झाले."

"बारा दिस," ती म्हणाली. "म्हंजे बारा दिस तुमी मले खेळताना पाहून राहिले होते."

ती उठली, बोर्डावरचे बटण बंद केले आणि उभीच राहिली.

"परीक्षा कवा हाये?"

"आठ दिवसांनी."

"मामाजीले सांगाचं नाई," ती म्हणाली. "फारमवर त्यायनं सांगतलं म्हनून लिवलं. त्यायले गावात तोंड दाखवाचं हाये. खरा कोठी मिळते पाहाले?"

पवनीत एक संगणक क्लास होता. मी तिथल्या सरांना भेटलो. बॅच मध्येच घेता येणार नाही, पण सकाळी येऊन बसलात तर एखादा संगणक देतो, असे ते म्हणाले. घरी सांगितले की वहिनीचा दात दुखतो, तीन वेळा दाखवायला जावे लागेल. आईने तिला लवंग दिली. एसटीत ती लवंग दाढेत धरून बसली, कारण समोरच्या बाकावर गावातली एक बाई होती.

पहिल्या दिवशी आम्ही पोचलो आणि लाइट गेली. दहा ते दोन जायची, त्या दिवशी नऊलाच गेली. दुसऱ्या दिवशी वीस मिनिटे मिळाली, इन्व्हर्टरवर चालणाऱ्या सरांच्या स्वतःच्या संगणकावर. तिसऱ्या दिवशीही तोच, वीस मिनिटे. माउस ती सावकाश सरकवायची. टेबलाच्या कडेपर्यंत गेला की ती थांबायची आणि आता पुढे कुठे न्यायचा म्हणून माझ्याकडे पाहायची. टाइप करायला लागली की मात्र सर स्वतः मागे येऊन उभे राहिले.

"कुठे शिकलात?"

"घरीच," ती म्हणाली.

मी एका वहीत फरक लिहून काढले होते. माउस कसा धरायचा, पान कुठून उघडायचे, अक्षर लहान-मोठे कसे करायचे, असे अकरा फरक. एसटीत येताजाता मी विचारायचो आणि ती हळू आवाजात उत्तर द्यायची. अकराच्या अकरा तिला पाठ झाले. लिहिलेले पान ठेवायचे कसे, हा सातवा होता. तिला कुठे दाबायचे ते पाठ होते. का दाबायचे, हे मी वहीत लिहिले नव्हते. ते सांगायची गरज असेल, असे मला वाटले नाही. आणि त्या चाळीस मिनिटांत संगणक बंद करायची वेळ तिच्यावर एकदाही आली नव्हती. तो चालूच मिळायचा आणि आम्ही तो चालूच सोडून निघायचो.

परीक्षा पवनीतल्या एका शाळेत होती. संगणकाच्या खोलीला व्हरांड्याच्या बाजूने गज असलेली खिडकी होती. उमेदवारांसोबत आलेले लोक त्या खिडकीत गर्दी करून उभे होते. मी पुढे होतो. वहिनी भिंतीजवळच्या संगणकावर बसली होती, तिच्या शेजारी दुसऱ्या गावची एक मुलगी. वेळ पंधरा मिनिटे. उतारा छापील होता.

तिने माउस धरला, पान उघडले. मी श्वास सोडला. मग तिने टाइप करायला सुरुवात केली. खोलीतल्या सगळ्या आवाजांत तिचा आवाज वेगळा कळत होता. माझ्या मागचा माणूस म्हणाला, "ही कोन हाये वो? मशीन हाये का?" तिने एकदाही कीबोर्डकडे पाहिले नाही. तेरा मिनिटे झाली असतील. तिने शेवटचे टिंब दिले, कागद उलटा करून ठेवला आणि खुर्ची मागे सरकवली.

ती उठली तेव्हा ती कुठे जाते आहे ते मला कळले नाही. भिंतीवरचा बोर्ड तिच्या खांद्याच्या उंचीवर होता. हात तिकडे गेला आणि मला कळले. मी गजांतून "वहिनी" एवढेच म्हणालो. तिने बटण खाली केले.

तिचा पडदा काळा झाला. शेजारच्या मुलीचाही. दोन्ही संगणक एकाच बटणावर होते.

"सर, माह्यं गेलं," ती मुलगी म्हणाली. तिचा आवाज रडका झाला होता.

परीक्षक टेबलावरून उठून आले. "कोणी बंद केलं?"

"मी," वहिनी म्हणाली. "माह्यं झालं होतं."

"सेव्ह केलं होतं का?"

"नाई."

"का नाही?"

वहिनीला प्रश्न समजला नसावा. "केलं तरी जातेच ना, सर," ती म्हणाली.

खोलीत आधी एक जण हसला, मग खिडकीतले लोक हसले. परीक्षकांनी अर्जांच्या गठ्ठ्यातून तिचा अर्ज काढला. ते हसले नव्हते. "यात तर लिहिलं आहे, घरी संगणक उपलब्ध. कोणता आहे?"

वहिनीने खिडकीकडे पाहिले. मी गज धरून उभा होतो. अर्ज मी भरला आहे, असे मला तिथून म्हणता आले असते. व्हरांड्यात आमच्या गावचे दोघे होते.

"टीव्हीचा हाये, सर," ती म्हणाली. "कॅसेटवाला. लिवलं तवा आमाले मालूम नवतं."

ती 'आमाले' म्हणाली.

परीक्षकांनी अर्जावर काहीतरी लिहिले आणि बोर्डावरचे बटण वर केले. दोन्ही संगणक सुरू व्हायला बराच वेळ लागला. सुरू झाल्यावर पडद्याच्या डाव्या बाजूला एक पट्टी आली. लिहिलेले काही संगणकाने आपणहून जपले होते, ते त्यात होते. शेजारच्या मुलीच्या शेवटच्या तीन ओळी गेल्या होत्या. तिला पाच मिनिटे वाढवून मिळाली. वहिनीचा मजकूर दहाव्या मिनिटापर्यंतचा होता, एका शब्दाच्या मधोमध तुटलेला. ती उभ्यानेच तो वाचत होती.

"तुम्हाला वेळ नाही देता येणार," परीक्षक म्हणाले. "तुम्ही तुमच्या हाताने बंद केलं. आहे तेवढ्यावर गुण मिळतील."

"चालते, सर," ती म्हणाली. मग त्या मुलीकडे वळून, "चूक माही होती वो, बाई."

परतीच्या एसटीत गाव दोन थांबे उरले तेव्हा ती म्हणाली, "त्यानं ठेवून घेतलं होतं, भाऊजी."

"हो."

"मी काई म्हटलंच नाई, तरी." थोड्या वेळाने म्हणाली, "तुमी अकरा गोष्टी सांगतल्या. हे काहून नाई सांगतलं?"

ते मलाही माहीत नव्हते. मी तसे सांगितले.

यादी लागायला नऊ दिवस लागले. त्याआधीच बातमी गावात पोचली होती. व्हरांड्यातल्या दोघांपैकी एकाने ती राइस मिलवर सांगितली. बाबा तिथे गेले तेव्हा कोणी तरी विचारले, "काय हो, सूनबाईची कॅसेट अटकली का?" बाबांना त्याचा अर्थ लागला नाही. त्यांनी विचारला तेव्हा सगळ्यांनी मिळून सांगितला. ते घरी आले आणि आमच्यापैकी कोणाशी बोलले नाहीत. त्यांनी टीव्हीजवळचा कीबोर्ड उचलून खोक्यात घातला, खोके सुतळीने बांधले आणि फळीवर ठेवले. यादी लागेपर्यंत ते एवढेच बोलत: पाणी, वाढ, झालं.

मी रोज ठरवत होतो की आज आपण बोलू. कॉलेजला सुटी लागली होती. बाबा शेतावर निघाले की मी मागे निघायचो आणि तलावाच्या पाळीवरून परत यायचो.

पंचायतीच्या भिंतीवर यादी लागली. निवड दुसऱ्या एकाची झाली होती. वहिनीचे नाव खाली होते, प्रतीक्षा यादीत पहिले. भाऊ ते वाचून आला. बाबा ओसरीत बसले होते.

"परतिक्षा म्हंजे लागली का नाई लागली?" त्यांनी विचारले.

"नाई लागली," भाऊ म्हणाला. "तो नाई आला तं हिले बोलावतीन."

"थो कायले नाई येईन?" बाबा म्हणाले. मग माझ्याकडे वळले. "फारम कोनं लिवला होता?"

"मी."

"तुले कवा समजलं?"

"परीक्षेच्या वीस दिवस आधी."

"मंग मले काहून नाई सांगतलं? मी फारम वापस घेतला असता. मी मानसात गेलो असतो का सांगत?"

वहिनी दारात येऊन उभी राहिली. ती बाबांसमोर सहसा ओसरीत येत नसे.

"मामाजी, त्यायनं मले सांगतलं होतं. तुमाले सांगू नका म्हनून मी म्हटलं."

"मंग दोघांचीबी चूक हाये."

"हाये," ती म्हणाली. "पन तुमी म्हटलं होतं, एक डाव बसू दे."

"म्हटलं होतं. बसली तू. झालं."

"कोठी झालं? पाच महिने मी गेम खेळली. खऱ्यावर चाळीस मिनटं बसली, थे बी दात दुखते म्हनून. पोट्टे खेळतेत तं शिकाचा डाव कच्चा असते, थो धरत नाई. माहा डाव अजून झालाच नाई, मामाजी."

भावाने खाली पाहिले. मला वाटले, आता बाबा उठतील. ते शब्दाला धरून चालणारे होते आणि तिने त्यांचाच शब्द त्यांच्यासमोर ठेवला होता. 'डाव' म्हणजे वेळ, एवढ्याच अर्थाने त्यांनी तो वापरला होता. खेळातला डाव, हा त्याचा दुसरा अर्थही गावात सगळ्यांना माहीत होता.

"शब्दात पकडून राहिली का तू मले?" ते म्हणाले.

"नाई, मामाजी. विचारून राहिली."

"खरा कोठी हाये?" त्यांनी विचारले. "मले दाखवा. मी माह्या डोयानं पाहीन."

दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही तिघे पवनीला गेलो. क्लासमध्ये सर नुकतेच आले होते. बाबांनी टोपी काढून हातात घेतली. खुर्ची दिली तरी ते बसले नाहीत. "बंद केल्यावर राहते का?" त्यांनी सरांना पहिलाच प्रश्न विचारला. सरांना संदर्भ माहीत नव्हता. राहते, ते म्हणाले.

"करून दाखवा."

सरांनी बाबांचे नाव विचारले, ते इंग्रजीत टाइप केले आणि ठेवले. बाबांना इंग्रजी वाचता येत नव्हते. सर वाचून दाखवायला लागले तर त्यांनी हाताने थांबवले. ते पडद्याजवळ वाकले आणि बोटाने अक्षरे मोजली. मग म्हणाले, "आता बंद करा."

संगणक बंद झाला. पुन्हा सुरू व्हायला लागला. मी घड्याळ पाहत होतो, दहाला थोडाच वेळ होता. पडदा काळा होता, मग निळा झाला, मग चित्रे एकेक करून आली. वहिनी दाराशी उभी होती, पदराचे टोक मुठीत धरून. सरांनी पान उघडले. बाबा पुन्हा वाकले आणि पुन्हा मोजली. पहिल्या अक्षराच्या आकारावर त्यांनी बोट थोडे जास्त वेळ ठेवले.

"किती दिस लागतेत शिकाले?" त्यांनी विचारले.

"तीन महिने. सोमवारपासून नवी बॅच आहे."

जून, जुलै, ऑगस्ट. मधे धानाची रोवणी येत होती आणि घरात रोवणीला उतरणाऱ्या बायका दोनच होत्या, आई आणि ती. बाबा ते मनात मोजत असावेत, कारण त्यांनी उत्तर द्यायला वेळ लावला. सर आमच्याकडे पाहत होते.

"रोवणीले दुसऱ्या बाया पाहू," बाबा म्हणाले. हे त्यांनी वहिनीकडे न पाहता सरांना सांगितले, आणि टोपी डोक्यावर घातली.